अभिजात हिंदी चित्रपटांच्या डिजिटल प्रती आणि चित्रदर्जा : सोलापूरशी निगडित चित्रपटांच्या संदर्भात एक विवेचन

सारांश

महाविद्यालयीन अध्यापनात जुन्या हिंदी चित्रपटांचा वापर साधन म्हणून वाढत आहे. मात्र वर्गात दाखविली जाणारी प्रत कोणत्या दर्जाची आहे, ती मूळ कलाकृतीशी कितपत प्रामाणिक आहे, याचा विचार क्वचितच केला जातो. प्रस्तुत लेखात व्हीसीडी, डीव्हीडी, ब्ल्यू-रे व आंतरजालावरील प्रती यांची तांत्रिक वैशिष्ट्ये स्पष्ट करून चित्रदर्जा नेमका कोणत्या घटकांवर अवलंबून असतो याचे विवेचन केले आहे. विवेचनासाठी मुख्यतः सोलापूरच्या भूमीशी नाते असलेले चित्रपट आधारास घेतले आहेत. अखेरीस महाविद्यालयीन ग्रंथालये व प्राध्यापक यांना प्रत निवडताना उपयोगी पडतील असे काही निकष मांडले आहेत.

बीजशब्द : अभिजात चित्रपट, डिजिटल प्रत, पिक्सेल, कॉम्प्रेशन, पुनरुज्जीवन, चित्रपट-जतन.

प्रस्तावना

ग्रंथाच्या बाबतीत पाठचिकित्सा ही संकल्पना मराठी अभ्यासकांच्या चांगल्या परिचयाची आहे. ज्ञानेश्वरीची कोणती प्रत प्रमाण मानावी, गाथेतील कोणता पाठ मूळचा व कोणता प्रक्षिप्त, यावर पिढ्यान्‌पिढ्या चर्चा झाली आहे. लेखनिकाने एखादी ओवी गाळली किंवा शब्द बदलला तर अर्थ कसा पालटतो हे साहित्याच्या विद्यार्थ्याला शिकवावे लागत नाही. परंतु हाच अभ्यासक जेव्हा एखादा जुना चित्रपट पाहतो किंवा वर्गात दाखवितो, तेव्हा समोर असलेली प्रत हीच मूळ कलाकृती आहे असे तो सहजपणे गृहीत धरतो. चित्र अंधूक असेल तर ‘जुना चित्रपट असाच असायचा’ अशी समजूत करून घेतली जाते.

ही समजूत चुकीची आहे. ३५ मि.मी. फितीवर चित्रित झालेला १९४० च्या दशकातील चित्रपट त्या काळच्या प्रेक्षकाने पडद्यावर अत्यंत रेखीव स्वरूपात पाहिला होता. चेहऱ्यावरील छायाप्रकाश, वस्त्राचे पोत, पार्श्वभूमीतील बारकावे त्याला स्पष्ट दिसत होते. अंधूकपणा मूळ कृतीत नव्हता. तो प्रतीवरून प्रत काढण्याच्या प्रवासात नंतर शिरला. हा प्रवास समजून घेणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

सोलापूर आणि हिंदी चित्रपट

सोलापूर हे मराठी, कन्नड, तेलुगू व उर्दू या भाषा एकत्र नांदणारे गिरणगाव. अशा बहुभाषिक नगरात हिंदी चित्रपट ही सर्वांना जोडणारी करमणूक ठरली. या नगराने हिंदी चित्रपटाला केवळ प्रेक्षकच दिला असे नाही. अनेक हिंदी चित्रपटांतील खलनायिकेच्या भूमिकांनी गाजलेल्या शशिकला यांचा जन्म १९३२ साली सोलापुरात झाला. परंतु त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की, सोलापूरच्या दोन सुपुत्रांच्या जीवनावर राजकमल कलामंदिर या संस्थेने लागोपाठच्या दोन वर्षांत चित्रपट निर्माण केले.

पहिला, ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ (१९४६). डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचा जन्म सोलापूरचा, १० ऑक्टोबर १९१० चा. जपानी आक्रमणाशी झुंजणाऱ्या चीनला साहाय्य म्हणून १९३८ साली भारतीय राष्ट्रीय काँग्रेसने पाच डॉक्टरांचे पथक पाठविले, त्यात ते होते. १९४१ मध्ये त्यांनी परिचारिका ग्वो छिंगलान यांच्याशी विवाह केला. ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, चीनमध्येच त्यांचे निधन झाले. त्यानंतर चारच वर्षांनी व्ही. शांताराम यांनी ख्वाजा अहमद अब्बास यांच्या लेखनाच्या आधारे हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्यात डॉ. कोटणीस यांची भूमिका स्वतः शांताराम यांनी व त्यांच्या पत्नीची भूमिका जयश्री यांनी केली. संगीत वसंत देसाई यांचे होते. परदेशी प्रेक्षकांसाठी त्याची इंग्रजी आवृत्तीही तयार करण्यात आली.

दुसरा चित्रपट शाहीर रामजोशी यांच्यावरील. बाबूराव पेंटर यांच्या दिग्दर्शनाखाली निघालेला मराठी ‘लोकशाहीर रामजोशी’ १९४७ साली प्रदर्शित झाला व त्याची हिंदी आवृत्ती ‘मतवाला शायर रामजोशी’ या नावाने निघाली. जयराम शिलेदार व हंसा वाडकर यांच्या त्यात प्रमुख भूमिका होत्या.

सोलापूरच्या विद्यार्थ्याला आपल्या नगराचा इतिहास शिकविताना हे चित्रपट दाखवावेत असे प्राध्यापकाला वाटणे स्वाभाविक आहे. परंतु एकाच चित्रपटाच्या हिंदी, मराठी वा इंग्रजी अशा भिन्न आवृत्त्या, त्यांच्या भिन्न लांबी आणि बाजारात वा आंतरजालावर फिरणाऱ्या भिन्न दर्जाच्या प्रती यांतून कोणती निवडावी, हा प्रश्न येथे उभा राहतो.

फितीपासून चकतीपर्यंत

चित्रपटाचे मूळ म्हणजे चित्रीकरणाच्या वेळी कॅमेऱ्यातून निघालेली निगेटिव्ह. तिच्यावरून मध्यवर्ती प्रत व मध्यवर्ती प्रतीवरून चित्रपटगृहात जाणाऱ्या प्रिंट काढल्या जातात. प्रत्येक पायरीवर तपशील थोडा कमी होतो व काळ्या-पांढऱ्याच्या मधल्या करड्या छटा काहीशा आकसतात. गावोगावच्या टॉकीजमधून शेकडो खेळ झालेल्या प्रिंटवर ओरखडे पडतात, तुटलेल्या जागी जोड दिले जातात आणि त्या जोडांत काही चौकटी कायमच्या नाहीशा होतात. रीळ बदलण्याच्या जागी म्हणजे रिळाच्या आरंभी व शेवटी ही हानी सर्वाधिक असते. जुन्या चित्रपटाच्या प्रतीत एखादे गीत अचानक तुटते वा संवादाचा अर्धा शब्द गळतो, त्याचे कारण बहुधा हेच असते.

१९५० च्या सुमारापर्यंत चित्रपटाची फीत सेल्युलोज नायट्रेटची असे. ती अतिशय ज्वालाग्राही आहे. जानेवारी २००३ मध्ये पुणे येथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या ताब्यातील नायट्रेट फितींना लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांचा मोठा ठेवा नष्ट झाला. नंतर आलेली ॲसिटेटची फीत सुरक्षित मानली गेली. परंतु उष्ण व दमट हवेत तिचे विघटन होऊन तिला शिर्क्यासारखा वास येऊ लागतो, ती आकसते व वाकडी होते. रंगीत फितीचे दुखणे निराळे. ईस्टमनकलर पद्धतीच्या जुन्या प्रिंटमधील निळसर रंगद्रव्य आधी उडते व संपूर्ण चित्र गुलाबी-तांबूस दिसू लागते.

यावरून एक मूलभूत सूत्र हाती येते. डिजिटल प्रत कितीही आधुनिक असली तरी ती ज्या फितीवरून काढली, त्या फितीहून अधिक काही तीत असू शकत नाही. मूळ निगेटिव्हवरून काढलेली साधी डीव्हीडी ही झिजलेल्या प्रिंटवरून वा जुन्या व्हिडिओ कॅसेटवरून काढलेल्या तथाकथित ‘एच.डी.’ प्रतीपेक्षा अनेक पटींनी सरस असते.

पिक्सेलचे गणित

डिजिटल चित्र हे पिक्सेल नावाच्या सूक्ष्म चौकोनी बिंदूंचे बनलेले असते. निरनिराळ्या स्वरूपांतील एका चौकटीत मावणाऱ्या बिंदूंची संख्या पुढीलप्रमाणे आहे.

व्हीसीडी : ३५२ × २८८, म्हणजे १,०१,३७६ पिक्सेल
डीव्हीडी (पाल पद्धती) : ७२० × ५७६, म्हणजे ४,१४,७२० पिक्सेल
ब्ल्यू-रे : १९२० × १०८०, म्हणजे २०,७३,६०० पिक्सेल
अल्ट्रा एच.डी. : ३८४० × २१६०, म्हणजे ८२,९४,४०० पिक्सेल

व्हीसीडीचे मानक १९९३ साली निश्चित झाले. तिच्यावर सुमारे ७४ मिनिटांचे चित्रण मावत असे. म्हणून हिंदी चित्रपट दोन वा तीन चकत्यांवर येत असे. डीव्हीडी १९९६ साली जपानमध्ये व ब्ल्यू-रे २००६ साली बाजारात आली. २००७ मध्ये मोझर बेअर या कंपनीने व्हीसीडी २८ रुपयांना व डीव्हीडी ३४ रुपयांना उपलब्ध करून दिल्यावर जुने हिंदी चित्रपट प्रथमच सामान्य घराच्या व लहान ग्रंथालयाच्या आवाक्यात आले. हे त्या काळाचे मोठे सांस्कृतिक योगदान मानावे लागेल. मात्र स्वस्त प्रत मिळाली म्हणजे उत्तम प्रत मिळाली असे होत नाही.

पिक्सेलची संख्या ही पात्राची क्षमता सांगते. पात्रात काय ओतले आहे ते सांगत नाही. घागर मोठी असली तरी विहिरीचे पाणी गढूळ असेल तर घागरीतही गढूळच पाणी येणार. व्हीसीडीच्या एक लाख बिंदूंचे चित्र संगणकाने ताणून वीस लाख बिंदूंत बसविले तर प्रतीवर ‘१०८०’ असा आकडा झळकतो, परंतु नवा तपशील निर्माण होत नाही. अलीकडे कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साहाय्याने असे चित्र अधिक रेखीव केले जाते. तेथे तर अधिक सावधगिरी हवी, कारण यंत्र हरवलेला तपशील शोधून काढत नाही, तो अंदाजाने रचते. चेहऱ्यावरची जी सुरकुती यंत्राने रेखली ती त्या नटाच्या चेहऱ्यावर होतीच असे म्हणता येत नाही. पाठचिकित्सेच्या भाषेत बोलायचे तर तो प्रक्षेप होय.

कॉम्प्रेशन : काय ठेवायचे आणि काय टाकायचे

डिजिटल चित्राची मूळ माहिती प्रचंड असते. ३५ मि.मी. फितीची एक चौकट ‘४के’ दर्जाने स्कॅन केली तर ती एकटी सुमारे ५१ मेगाबाइट जागा व्यापते. सेकंदाला २४ याप्रमाणे शंभर मिनिटांच्या चित्रपटात १,४४,००० चौकटी असतात. त्यांची एकूण माहिती सुमारे ७.३ टेराबाइट होते. एकपदरी डीव्हीडीची क्षमता ४.७ गिगाबाइट. म्हणजे मूळ स्कॅनच्या सुमारे दीड हजाराव्या भागात चित्रपट बसवावा लागतो. प्रथम बिंदूंची संख्या घटवून आणि नंतर कॉम्प्रेशन म्हणजे माहितीचे संकोचन करून हे साधले जाते.

संकोचनाचे तत्त्व समजण्यास सोपे आहे. लागोपाठच्या दोन चौकटींत बहुतांश भाग सारखाच असतो. मागील भिंत हलत नाही, बोलणाऱ्या नटाचे ओठ तेवढे हलतात. म्हणून काही चौकटी पूर्ण साठवायच्या व मधल्या चौकटींत केवळ बदललेला भाग नोंदवायचा. शिवाय प्रत्येक चौकटीचे लहान चौकोन पाडून, डोळ्याला सहसा न जाणवणारा सूक्ष्म तपशील गाळून टाकायचा. व्हीसीडीत एमपेग-१, डीव्हीडीत एमपेग-२, तर ब्ल्यू-रे व आंतरजालावर मुख्यतः २००३ साली प्रमाणित झालेली एच.२६४ व त्यानंतरच्या पद्धती वापरल्या जातात. नव्या पद्धती कमी जागेत अधिक चांगले चित्र देतात.

दर सेकंदाला चित्रासाठी किती माहिती खर्च केली जाते त्या प्रमाणाला बिटरेट म्हणतात. तो अपुरा पडला की चित्रात चौकोनी ठोकळे दिसू लागतात, धुके, पाऊस, धूर, नृत्यातील वेगवान गिरकी ही दृश्ये फुटतात आणि अंधाऱ्या भागात पट्टे पडतात. जुन्या चित्रपटांना हा फटका विशेष बसतो. फितीवरील रासायनिक दाणा प्रत्येक चौकटीत बदलतो; त्यामुळे स्थिर भिंतसुद्धा संकोचन करणाऱ्या यंत्राला हलती वाटते व तीवर माहिती खर्ची पडते.

एक साधे गणित येथे उपयोगी आहे. अडीच तासांचा चित्रपट ८.५ गिगाबाइटच्या दुपदरी डीव्हीडीवर एकटा असेल तर चित्र व ध्वनी मिळून त्याला सेकंदाला सुमारे ७.५ मेगाबिट मिळतात. एकपदरी चकतीवर तोच आकडा सुमारे ४.२ होतो. बाजारात ‘एका चकतीत तीन चित्रपट’ अशा ज्या डीव्हीडी मिळत, त्यांत दुपदरी चकती धरली तरी प्रत्येक चित्रपटाच्या वाट्याला अडीच मेगाबिटच येतात. तिन्ही चकत्यांवर ‘डीव्हीडी’ असेच छापलेले असते. दर्जात मात्र तिपटीचे अंतर असते. आंतरजालावरील प्रक्षेपणात तर जोडणीच्या वेगानुसार बिटरेट क्षणोक्षणी कमी-जास्त केला जातो. त्यामुळे सकाळी स्वच्छ दिसलेले दृश्य दुपारी वर्गात अंधूक दिसू शकते.

गती आणि सूर

चित्रपट सेकंदाला २४ चौकटी या गतीने चित्रित होतो. भारतात रूढ असलेल्या पाल पद्धतीच्या दूरचित्रवाणीत सेकंदाला २५ चौकटी लागत. हा मेळ घालण्याचा सोपा मार्ग म्हणजे चित्रपट चार टक्के वेगाने धावविणे. त्यामुळे शंभर मिनिटांचा चित्रपट ९६ मिनिटांत संपतो. डोळ्याला हा फरक जाणवत नाही, पण कानाला जाणवतो. ध्वनीची योग्य दुरुस्ती केली नसेल तर संपूर्ण संगीत एका अर्धस्वराच्या सुमारे सात दशांशाने वर चढते. मूळ गायन काळी एक पट्टीतील असेल तर ते पांढरी दोनच्या जवळ सरकते आणि पेटीवर कोणत्याच सुराशी नीट जुळत नाही. वसंत देसाई यांच्यासारख्या संगीतकाराच्या रचनांचा सांगीतिक अभ्यास अशा प्रतीवरून करणे धोक्याचे ठरते. लय व पट्टी या दोन्हींविषयी निष्कर्ष चुकू शकतात.

परदेशस्थ ग्राहकांसाठी निघालेल्या अनेक चकत्या एनटीएससी पद्धतीच्या असत. तिच्यात गती मूळचीच राहते, परंतु चौकटींची पुनरावृत्ती करून सेकंदाला सुमारे ३० चौकटींचा हिशेब जुळविला जातो. एका पद्धतीची प्रत निष्काळजीपणे दुसऱ्या पद्धतीत बदलली की दोन चौकटी एकमेकींत मिसळतात व हलत्या हातामागे भुतासारखी सावली दिसते. हा दोष नंतर सहसा पूर्णपणे दूर करता येत नाही.

चौकट कोणाची?

१९५० च्या दशकाच्या मध्यापर्यंत बहुतेक हिंदी चित्रपटांची चौकट १.३७ : १ या प्रमाणाची, म्हणजे जवळजवळ चौरसाकडे झुकणारी होती. ‘डॉ. कोटनीस’ याच चौकटीतला. १९५९ सालचा गुरुदत्त यांचा ‘कागज के फूल’ हा भारतातील पहिला सिनेमास्कोप चित्रपट. व्ही. के. मूर्ती यांच्या छायालेखनाने सजलेल्या या चित्रपटाची चौकट उंचीच्या सव्वादोन पटींहून अधिक रुंद आहे.

आजचा दूरचित्रवाणी संच १६ : ९ प्रमाणाचा असतो. त्यावर जुना चित्रपट दाखविताना दोन्ही बाजूंस काळे पट्टे येतात. ते टाळण्यासाठी दोन अपराध केले जातात. एक, चित्र आडवे ताणणे. यात चेहरे रुंद होतात व गाडीचे चाक लंबगोल दिसते. दोन, वरचा व खालचा भाग छाटून चित्र पडदाभर करणे. यात चौकटीचा सुमारे २३ टक्के भाग कायमचा जातो. दिग्दर्शकाने नटाच्या डोक्यावर मुद्दाम सोडलेले आकाश, पायाशी पडलेली वस्तू, सामूहिक दृश्यातील पुढची रांग हे सर्व नाहीसे होते. प्रतिमा ‘पूर्ण पडदा’ दिसते तेव्हाच ती अपूर्ण असते, हा विरोधाभास विद्यार्थ्यांना आवर्जून दाखविण्यासारखा आहे.

सिनेमास्कोप चित्रपटाची अडचण उलट आहे. काळे पट्टे वर व खाली येत असल्याने व्हीसीडीच्या २८८ ओळींपैकी जेमतेम १६३ ओळी प्रत्यक्ष चित्राच्या वाट्याला येतात. जुन्या चौकोनी पडद्यासाठी काढलेल्या डीव्हीडीत सुमारे ३२७, तर रुंद पडद्यासाठी योग्य रीतीने काढलेल्या डीव्हीडीत सुमारे ४३६ ओळी मिळतात. ‘कागज के फूल’मधील रिकाम्या स्टुडिओतील प्रकाशझोताचे विख्यात दृश्य १६३ ओळींत पाहून छायालेखनावर निबंध लिहिणे म्हणजे टपाल तिकिटावरून भित्तिचित्राचे समीक्षण करण्यासारखे आहे.

पुनरुज्जीवन आणि नूतनीकरण

जुन्या चित्रपटाची डिजिटल डागडुजी दोन प्रकारे होते व त्यांत भेद करणे आवश्यक आहे. पहिल्या प्रकारात उपलब्ध सर्वोत्तम फितींचा शोध घेऊन, त्या स्वच्छ करून, स्कॅन करून, ओरखडे व थरथर काढून चित्रपट त्याच्या मूळ रूपाच्या जवळ नेला जातो. सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’ची मूळ निगेटिव्ह १९९३ साली लंडनमधील आगीत होरपळली होती, तरीही तिचे वाचलेले भाग व अन्य प्रती यांच्या आधारे २०१५ मध्ये त्याचे पुनरुज्जीवन झाले. फिल्म हेरिटेज फाउंडेशनने केलेले ‘शोले’चे पुनरुज्जीवन २०२५ साली इटलीतील बोलोन्या येथे प्रथम दाखविले गेले, त्यात १९७५ साली बदलावा लागलेला मूळ शेवट पुन्हा समाविष्ट आहे.

दुसऱ्या प्रकारात चित्रपट आजच्या अभिरुचीनुसार नवा केला जातो. १९६० चा ‘मुगल-ए-आझम’ मुख्यतः कृष्णधवल होता, काही भागच रंगीत होता. २००४ साली तो संपूर्ण रंगीत करून प्रदर्शित झाला. ती आवृत्ती मूळ चित्रपटापेक्षा लांबीने कमी होती. २००७ मध्ये ‘नया दौर’ व २०११ मध्ये ‘हम दोनो’ यांनाही रंग देण्यात आले. अशा आवृत्त्यांनी नवा प्रेक्षक मिळविला हे मान्य केले पाहिजे. परंतु कृष्णधवल चित्रपटात प्रकाशयोजना, वेशभूषा व नेपथ्य करड्या छटांचा विचार करून ठरविलेले असते. त्यामुळे रंगीत आवृत्ती हा मूळ संहितेचा अनुवाद मानावा, मूळ संहिता नव्हे.

या दोहोंच्या मध्ये एक सूक्ष्म दोष दडलेला असतो. ‘स्वच्छ’ चित्र देण्याच्या नादात फितीचा दाणाच पुसून टाकला जातो. दाणा हा मळ नव्हे. चित्र त्याच दाण्यांचे बनलेले असते. तो पुसला की त्याबरोबर त्वचेचा पोत, केसांची बट, हातमागाच्या कापडाची वीणही पुसली जाते व चेहरे मेणाच्या पुतळ्यासारखे गुळगुळीत होतात. चादरीच्या गावातील विद्यार्थ्याला हा मुद्दा एका वाक्यात पटतो : वीण दिसेनाशी झाली की ते कापड उरत नाही, केवळ रंग उरतो.

कायदा व उपलब्धता

भारतीय प्रताधिकार कायदा, १९५७ नुसार चित्रपटावरील हक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे राहतो. या हिशेबाने १९४६ सालच्या चित्रपटावरील हक्काची मुदत २००६ अखेर व १९४७ सालच्या चित्रपटाची २००७ अखेर संपली. चित्रपटातील साहित्य व संगीत यांचे हक्क मात्र स्वतंत्र असून त्यांची मुदत कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षांची आहे. याच कायद्याच्या कलम ५२ मध्ये शिक्षणसंस्थेच्या कार्यक्रमात केवळ विद्यार्थी, शिक्षक, पालक व संस्थेशी संबंधित व्यक्तींसमोर चित्रपट दाखविण्यास सवलत आहे. वर्गातील प्रदर्शनाला ही तरतूद मोठा आधार देते.

हक्काची मुदत संपण्याचे दोन परिणाम होतात. चित्रपट सर्वांसाठी खुला होतो, हा पहिला व स्वागतार्ह परिणाम. परंतु खुल्या झालेल्या चित्रपटाची प्रत कोणीही, कोणत्याही दर्जाची काढू शकतो. आणि चांगली प्रत काढण्याचा खर्च भरून निघण्याची हमी नसल्याने तो खर्च करण्यास खासगी संस्था सहसा पुढे येत नाही. म्हणून अशा चित्रपटांची जबाबदारी सार्वजनिक संस्थांवर येते. सोलापूरपासून सुमारे अडीचशे किलोमीटरवर, पुणे येथे, १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना झाली व पी. के. नायर यांच्या परिश्रमांतून ते उभे राहिले. २०२२ मध्ये ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले असून राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियानाद्वारे जुन्या चित्रपटांच्या डिजिटलीकरणाचे कार्य हाती घेण्यात आले आहे. चित्रपट-अभ्यासाचे उपक्रम राबविणाऱ्या महाविद्यालयांनी या संस्थेशी संपर्क ठेवणे हिताचे आहे.

महाविद्यालयांसाठी काही निकष

वरील विवेचनाच्या आधारे प्रत निवडताना व दाखविताना पुढील बाबी तपासाव्यात.

१. लांबी : चित्रपटाच्या आरंभी दाखविल्या जाणाऱ्या परीक्षण मंडळाच्या प्रमाणपत्रावर सामान्यतः फितीची लांबी नोंदलेली असते. ३५ मि.मी. फीत मिनिटाला सुमारे २७.४ मीटर धावते. म्हणजे ४,००० मीटर लांबीचा चित्रपट सुमारे १४६ मिनिटांचा असला पाहिजे. पाल पद्धतीच्या चकतीवर तो १४० मिनिटांचा भरेल. त्याहून कमी भरल्यास प्रतीत काटछाट आहे असे समजावे.

२. आवृत्ती : चित्रपट एकाहून अधिक भाषांत निघाला असल्यास हाती असलेली आवृत्ती कोणती, याची नोंद ग्रंथालयाच्या दाखल नोंदवहीत करावी.

३. चौकट : गोल वस्तू गोल दिसते का, श्रेयनामावलीतील अक्षरे कडेला कापली जातात का, हे पाहावे.

४. चित्र : अंधारी दृश्ये, धूर व जलद हालचाल असलेली दृश्ये निवडून तपासावीत. प्रतीचा खरा दर्जा तेथे कळतो.

५. ध्वनी : गीताची पट्टी त्याच गीताच्या ध्वनिमुद्रिकेशी ताडून पाहावी.

६. प्रक्षेपक : अनेक वर्गांतील प्रक्षेपक १०२४ × ७६८ क्षमतेचे असतात. त्यांवर अल्ट्रा एच.डी. प्रतीचा लाभ मिळत नाही. चांगल्या स्रोतावरून काढलेली साधी प्रतही पुरेशी ठरते. खिडक्यांना जाड पडदे लावणे व प्रक्षेपकावरील चौकटीचे प्रमाण योग्य ठेवणे या दोन अल्पखर्चिक गोष्टींनी दर्जात लक्षणीय सुधारणा होते.

७. जतन : संगणकावर लिहिलेल्या डीव्हीडीतील रासायनिक थर काही वर्षांत खराब होऊ शकतो. म्हणून महत्त्वाच्या प्रती किमान दोन ठिकाणी ठेवून ठरावीक काळाने नव्या माध्यमावर उतरवून घ्याव्यात.

समारोप

चित्रदर्जाचा प्रश्न वरवर पाहता हौशी प्रेक्षकाचा वाटतो. वस्तुतः तो पुराव्याचा प्रश्न आहे. स्रोत, स्कॅन, संकोचन व प्रक्षेपण या चार पायऱ्यांवर चित्रपट काही ना काही गमावतो आणि एकदा गमावलेले पुढील पायरीवर परत मिळत नाही. प्रतीवर छापलेला आकडा यांपैकी फार थोडे सांगतो.

सोलापूरच्या दृष्टीने याचे मोल विशेष आहे. डॉ. कोटणीस यांच्या निधनानंतर केवळ चार वर्षांत, त्यांची स्मृती ताजी असताना निघालेला चित्रपट हा त्या काळाने त्यांच्याकडे कसे पाहिले याचा साक्षीदार आहे. त्यातील सर्व घटना इतिहास म्हणून स्वीकाराव्यात असे नाही. परंतु साक्षीदाराचे म्हणणे तपासायचे तर आधी ते नीट ऐकू व दिसू आले पाहिजे. अंधूक, ताणलेली, तुटलेली प्रत पाहणारा विद्यार्थी आपला पूर्वजच अंधूक होता असे मनात धरून वर्गाबाहेर पडतो. त्याच चित्रपटाची योग्य चौकटीतील, पूर्ण लांबीची, स्वच्छ प्रत त्याला दाखविली तर आपल्याच गावातून निघून परक्या भूमीत रुग्णसेवा करीत देह ठेवणाऱ्या एका तरुणाची कथा त्याच्यापर्यंत पोहोचते. ग्रंथालयासाठी पुढील चकती विकत घेताना अथवा वर्गात पुढील दुवा उघडताना प्राध्यापकाने प्रतीची एवढी चौकशी केली, तरी हे साध्य होऊ शकेल.